पास्कूकाकांची बोट आणि माझ्या पाच फ्लॉप्या

कॉम्प्युटरमधली कुठलीही वस्तू एका जागेवरून उचलून दुसऱ्या जागी सुखरूप नेऊन ठेवायची असेल, तर अख्ख्या मीरा-भाईंदरमध्ये माझ्याइतका भरवशाचा माणूस नव्हता. हे माझं स्वतःचं मत होतं, आणि १९९५च्या दसऱ्यापर्यंत त्याला विरोध करायला कोणी पुढे आलं नव्हतं.

मी भाईंदर पूर्वेला स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यात ऑफिसात होतो. तीन महिन्यांचा कॉम्प्युटरचा कोर्स केलेला मी एकटाच, त्यामुळे वासरांत लंगडी गाय शहाणी असं तुम्ही म्हणाल. म्हणा. आमचा स्टोअरकीपर बॉस्को मात्र मला फार मानायचा. तो उत्तनकडच्या तारोडीचा. त्याच्या भावाने दुबईहून एक कॉम्प्युटर आणून घरी ठेवला होता आणि त्यावर बॉस्कोचे वडील, पास्कूकाका, गेम खेळायचे.

पास्कूकाकांनी चाळीस वर्षं दर्यात होडी घातली. मग गुडघे गेले आणि माणूस ओट्यावर बसला. जेवण तुटलं, बोलणं तुटलं. अशात त्यांना त्या कॉम्प्युटरवर एक गेम सापडला. बोट घ्यायची, तिला नाव द्यायचं, समुद्रात न्यायची, मासे धरायचे, वादळातून परत आणायची. एका छोट्या होडीपासून सुरुवात करून पाच महिन्यांत काकांनी तिची मोठी बोट केली होती. नाव ठेवलं ‘व्हेरा’. व्हेराकाकू म्हणजे त्यांची बायको. काकू स्वतः कॉम्प्युटरच्या खोलीत पाय ठेवायच्या नाहीत, डोळे दुखतात म्हणून. पण रात्री जेवताना विचारायच्या, ‘‘आज माजे बोटीला किती घावली?’’ काका आकडा सांगायचे आणि काकू तो दुसऱ्या दिवशी विहिरीवर सांगायच्या. म्हातारा परत जेवायला लागला, हे सगळं घर त्या बोटीच्या खात्यावर मांडत होतं.

आणि आता नवीन कॉम्प्युटर येणार होता. रंगीत! दुकानदार दसऱ्याच्या आधी जुना घेऊन जाणार आणि दसऱ्यानंतरच्या रविवारी नवा आणून लावणार.

‘‘शशी,’’ बॉस्को म्हणाला, ‘‘पप्पांची बोट जाता कामा नये. बाकी सगळं गेलं तरी चालेल.’’

‘‘बॉस्को,’’ मी म्हणालो, ‘‘माणसं बिऱ्हाड हलवतात तेव्हा एखादी बरणी फुटते. मी हलवतो तेव्हा झाकणसुद्धा सैल होत नाही.’’

हे वाक्य मला पुढे फार महागात पडलं.

शनिवारी मी तारोडीला गेलो. गेम मोठा होता, एका फ्लॉपीत मावणारा नव्हता. मी तो कापून पाच फ्लॉप्यांत भरला. यातली गोम अशी की पाचांतली एक जरी बिघडली तरी उरलेल्या चार चहाच्या कपाखाली ठेवायच्या लायकीच्या. साधा माणूस अशा वेळी प्रत काढतो आणि मूळ गेम जागच्या जागी राहू देतो. पण मी साधा माणूस कुठे होतो? मी म्हटलं, प्रत काढतात ते कच्चे लोक. आपण हलवायचं. एकेक तुकडा फ्लॉपीत गेला की कॉम्प्युटरमधला मूळ तुकडा आपोआप पुसला जात होता. बॉस्को पाठीमागे उभा राहून बघत होता आणि मला आपण शस्त्रक्रिया करतोय असं वाटत होतं.

सुरुवात करण्याआधी मी काकांना म्हटलं होतं, ‘‘एकदा गेम चालवून दाखवा ना, बोट तरी बघू.’’

काका घाईघाईने म्हणाले, ‘‘नको, नको. नांगरून ठेवलीय ती. उगाच हलवू नको.’’

म्हाताऱ्याचा केवढा जीव आहे, असं मला वाटलं. मी चालवला नाही.

पाच फ्लॉप्या मी घरी शांती नगरला घेऊन आलो. समुद्राची खारी हवा त्यांना मानवत नाही, असं मीच बॉस्कोला सांगितलं होतं. कपाटात, माझ्या शर्टांच्या घडीखाली, पांढऱ्या रुमालात बांधून ठेवल्या. सोमवारी दुकानदाराने जुना कॉम्प्युटर नेला आणि त्याच दिवशी धुऊनपुसून साफ केला. म्हणजे आता त्या बोटीचं अख्ख्या जगात एकच ठिकाण होतं, माझा रुमाल.

मंगळवारी दसरा. मी झेंडूची फुलं आणि आपट्याची पानं आणायला स्टेशनकडे गेलो. परत आलो तर देवघरासमोर पाट मांडलेला, त्यावर माझ्या बायकोची, नीलमची, शिलाईची कात्री, स्वयंपाकघरातली विळी, माझा स्क्रूड्रायव्हर, आणि ओळीने पाच फ्लॉप्या. प्रत्येकीवर हळद, कुंकू, अक्षता आणि एकेक थेंब गंगाजल.

माझ्या हातातली पिशवी खाली पडली.

‘‘आई, हे काय केलंस?’’

माझी आई, मनोरमाबाई, शांतपणे निरांजन ओवाळत होती. ‘‘आज शस्त्रांची पूजा असते. तुझं शस्त्र कोणतं? सूनबाई म्हणाली कॉम्प्युटर. तो ऑफिसात. मग कपाटात या चकत्या सापडल्या.’’

‘‘बरं, वरून लावलंस ना कुंकू? प्लॅस्टिकला?’’

‘‘प्लॅस्टिकला लावून काय उपयोग?’’ आई म्हणाली. ‘‘ते पत्र्याचं झाकण सरकतं. आत काळी चकती आहे बघ. तिला लावलं. पूजा करायची तर नीट करावी.’’

पाचही फ्लॉप्यांची झाकणं आईने नखाने सरकवून, अनामिकेने, एकही न चुकवता, आत कुंकू लावलं होतं. चौथीत तांदळाचा दाणासुद्धा होता. नीलम म्हणाली, ‘‘अहो, प्रसाद तरी घ्या.’’ मी तिच्याकडे असं बघितलं की ती वाटी घेऊन आत गेली.

तो दसरा मी कापूस, कोलनवॉटर आणि भिंग घेऊन खिडकीत साजरा केला. शेजारचे पटेलभाई सोनं द्यायला आले आणि विचारू लागले, ‘‘शशीभाई, घडी रिपेअर का काम चालू किया क्या?’’ मी हो म्हटलं. त्या क्षणी मला तोच धंदा बरा वाटत होता.

बुधवारी सगळे जेवायला गेल्यावर ऑफिसच्या कॉम्प्युटरवर फ्लॉप्या तपासल्या. पहिली चालली. दुसरी चालली. तिसरी कण्हत कण्हत चालली. पाचवीही चालली. चौथीने मात्र आतून असा आवाज काढला, जणू सुपारी कातरतंय कोणीतरी. स्क्रीनवर इंग्रजीत आलं, वाचता येत नाही, पुन्हा प्रयत्न करू की नाद सोडू? मी पुन्हा प्रयत्न केला. गुरुवारी केला, शुक्रवारी केला. चौथीची काळी चकती बाहेर काढून नव्या फ्लॉपीच्या पोटात घालून बघितली. तिथेही सुपारीच.

रोज बॉस्को यायचा. ‘‘बोट बरी हाय ना?’’

‘‘बरी आहे,’’ मी म्हणायचो.

‘‘पप्पा हल्ली गप्प गप्प असतात. रोज चर्चमध्ये जाऊन मेणबत्ती लावतात. बोटीची काळजी, दुसरं काय.’’

म्हातारा माणूस, एकच विरंगुळा, तो माझ्यावर विश्वासून मेणबत्त्या लावतोय, आणि मी त्याची बोट तांदळाच्या दाण्यावर फोडून बसलोय. दोनदा मी बॉस्कोला खरं सांगायला तोंड उघडलं आणि दोन्ही वेळा चहा मागवला. माझा भित्रेपणा मला नवा नाही, पण इतका जवळून मी तो कधी बघितला नव्हता.

रविवारी भाईंदर पश्चिमेहून उत्तनची बस धरली. मनात एकच आशा, नवीन कॉम्प्युटर, नवीन ड्राइव्ह, कदाचित वाचेल. तारोडीला पोचलो तर घरासमोर चपलांचा ढीग! चर्चमधून परस्पर वीस-पंचवीस माणसं आली होती. व्हेराकाकू नवं लुगडं नेसून कॉम्प्युटरच्या अगदी समोर खुर्ची टाकून बसल्या होत्या.

‘‘ये बाबा,’’ काकू म्हणाल्या. ‘‘पाच म्हयने नुसती आयकली. आज माजे नावाची बोट कंच्या रंगाची हाय ती मी बघनार.’’

पास्कूकाका कोपऱ्यात वेताच्या मोड्यावर बसले होते. हातात जपमाळ, चेहरा पांढराफटक. माझ्याकडे त्यांनी असं बघितलं की मला वाटलं, यांना कळलंय.

पहिली फ्लॉपी घातली. गेली. दुसरी गेली. कोणीतरी म्हणालं, शिकलेला मानूस. तिसरी कण्हली, पण गेली. माझ्या कानामागून घाम उतरत होता. चौथी घातली.

सुपारी.

‘‘काय झालं?’’ बॉस्कोने विचारलं.

‘‘काही नाही. दमते कधीकधी.’’

पुन्हा प्रयत्न. सुपारी. पुन्हा. अकरा वेळा मी ते बटण दाबलं. काकूंनी खुर्ची आणखी पुढे ओढली. बॉस्को माझ्या मानेवर श्वास सोडत होता. बाराव्यांदा बटण दाबणार तेवढ्यात पास्कूकाका उठले आणि म्हणाले, ‘‘पोराला घाम आलाय. जरा पानी पाजतो त्याला.’’ माझं मनगट धरून त्यांनी मला मागच्या दारी, बोंबील वाळत घातलेल्या बांबूंच्या आड नेलं.

पाणी नव्हतंच.

‘‘खरं सांग,’’ काका खालच्या आवाजात म्हणाले. ‘‘येनार हाय का न्हाय?’’

माझा बांध फुटला. दसरा, पाट, आई, झाकणं, अनामिका, तांदूळ, सगळं सांगितलं. मी म्हणालो, ‘‘काका, तुमची पाच महिन्यांची कमाई मी घालवली. मला मारलंत तरी चालेल.’’

काका समुद्राकडे वळले. त्यांचे खांदे हलायला लागले. म्हातारा रडतोय हे बघून माझेही डोळे भरले. मग ते वळले, आणि मला दिसलं की ते हसताहेत. तोंडावर टॉवेल दाबून, आवाज बाहेर पडू नये म्हणून.

‘‘ती कवाच बुडाली रे,’’ काका म्हणाले.

‘‘कोण?’’

‘‘व्हेरा. गणपतीच्या टायमाला. वादळ आलं, मी म्हटलं काडतो भायेर, न्हाय निगाली. चाळीस वर्सं खऱ्या दर्यात एक होडी न्हाय बुडवली मी. आन या डब्यात बुडवली. ती पन हिच्या नावाची! आता हिला काय सांगू? म्हनून रोज जेवताना काय तरी आकडा सांगायचो. तू गेम न्यायच्या आदल्या राती तर बाराशे सुरमई सांगितली.’’

‘‘आणि मेणबत्त्या?’’

‘‘मशीन येऊ नये म्हनून लावत होतो. आज सगळ्यांसमोर मोठ्या बोटीच्या जागी परत ती पयली छोटी, रिकामी डोंगी दिसली असती.’’ त्यांनी डोळे पुसले. ‘‘तुज्या आईला माजा नमस्कार सांग. माजी मेनबत्ती पोचली न्हाय, तिचा कुंकू पोचला.’’

मला इतकं हलकं वाटलं की मी तिथल्या तिथे काकांच्या पाया पडलो. ‘‘चला, आत जाऊन सांगून टाकू.’’

काकांनी माझं मनगट पुन्हा धरलं. ‘‘काय सांगनार तू?’’

‘‘की बोट आधीच…’’

‘‘न्हाय. तुज्यामुळं गेली, असं सांगनार. आनि खोटं कुठं हाय त्यात? तू घालवलीसच की!’’

 

मी आत गेलो आणि पंचवीस माणसांसमोर सांगितलं की व्हेरा माझ्या हातून गेली, आईने पूजा केल्यामुळे. काकूंनी छातीवर क्रुसाची खूण केली. ‘‘बाराशे सुरमई घेऊन?’’ त्यांनी विचारलं. मी मान खाली घातली. बॉस्को भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. तेव्हा पास्कूकाका पुढे आले, माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि भरल्या गळ्याने म्हणाले, ‘‘जाऊ दे. लेकरू हाय. मी माफ केला त्याला.’’ दोन बायका रडल्या. पुढच्या रविवारी फादरांनी क्षमेवर प्रवचन केलं आणि त्यात काकांचं उदाहरण दिलं, असं बॉस्कोने मला सांगितलं. सांगितलं म्हणजे पंधरा दिवसांनी, जेव्हा तो माझ्याशी बोलायला लागला तेव्हा.

गेम बॉस्कोने दुसऱ्या कोणाकडून तरी आणला. ऑफिसात माझी पत संपली. टेबल सरकवायचं असलं तरी लोक म्हणतात, शशीला हात लावू देऊ नका, तो पुजून टाकेल. पण काकांनी नव्याने सुरुवात केली, रंगीत बोट घेऊन. काकूंनी आपलं नाव द्यायला साफ नकार दिला, तेव्हा काकांनी बोटीचं नाव ठेवलं ‘मनोरमा’.

हे मी घरी सांगितलं आणि आई हरखून गेली. जन्मात जिने माशाची पाटी दिसली की पदर नाकाला लावला, ती बाई आता रोज मी दारात चप्पल काढतो न काढतो तोच विचारते, ‘‘आज माझ्या बोटीला किती मिळाले रे?’’ मी बॉस्कोकडून आकडा आणायचो. आई तो तळमजल्यावरच्या विमलाबाईंना सांगायची.

गेल्या महिन्यात पास्कूकाका स्वतः गुडघे सांभाळत कारखान्याच्या फाटकाशी आले. मला बाजूला घेतलं. हातात सुक्या बोंबलांची पुडी ठेवली आणि इकडेतिकडे बघून कुजबुजले, ‘‘शशी, मनोरमा बुडाली.’’

आईला मी अजून सांगितलेलं नाही. काल नऊशे पापलेटं सांगितली.