ब्रेकमागचा हेतू

माणूस आधी ठरवतो आणि मग करतो, या सत्यावर जगातली सगळी कार्यालयं उभी आहेत. जो आधी करतो आणि मग विचारात पडतो, त्याला पूर्वी भला माणूस म्हणत. हल्ली त्याला नोटीस देतात.

शहर बस मंडळाने हे सत्य कागदावर आणलं, याबद्दल मंडळाचं कौतुक करावं तेवढं थोडंच. चार वर्षांपूर्वी तिथे हेतू-पत्रक सुरू झालं. नेहमीच्या कामाबाहेरची कुठलीही कृती केली की कर्मचाऱ्याने ते भरायचं. रकाने तीन: काय केलंत, त्याआधी काय ठरवलं होतंत आणि तसं का ठरवलंत. पत्रक कृतीच्या आधी भरणं बंधनकारक आहे. (तातडीच्या प्रसंगी नंतर भरलं तरी चालतं, मात्र वेळ आधीची टाकावी.) गेल्या वर्षी एकूण ४,११८ पत्रकं आली. त्यांपैकी ४,१०९ जणांनी जे केलं ते ‘वरिष्ठांच्या सूचनेनुसार’ केलं होतं आणि आठ जणांनी ‘नजरचुकीने’. उरलेल्या एका पत्रकातला दुसरा रकाना कोरा होता.

ते पत्रक एका ड्रायव्हरचं होतं. बावीस वर्षं नोकरी, एकही अपघात नाही. (अपघात नसल्यामुळे त्याच्याबद्दल मंडळाकडे फारशी माहिती नव्हती.) एके दिवशी सकाळी औषधांच्या दुकानासमोर एक म्हातारी इकडेतिकडे न बघता रस्त्यात उतरली. ड्रायव्हरने ब्रेक दाबला. बस तिच्यापासून वीतभर अंतरावर थांबली. म्हातारी वाचली. बसमधले उभे प्रवासी एकमेकांवर पडले आणि एका विमा सल्लागाराचा पुढचा दात अर्धा तुटला. वाचलेल्या म्हातारीने अर्ज केला नाही. दाताने केला.

पत्रक पूर्ण होईपर्यंत ड्रायव्हरने स्टिअरिंगला हात लावायचा नाही, असा आदेश निघाला. त्याला टायरच्या गोदामात बसवलं. तिथे संघटनेचा सेक्रेटरी त्याला भेटायला आला.

“अरे, लिहून टाक ना! ‘वृद्ध महिलेचे प्राण वाचवण्याचे ठरवले.’ एका ओळीचं काम.”

“पण ठरवलं नव्हतं रे. पाय पडला तेव्हा समोर बाई आहे की पोतं, हेसुद्धा मला कळलं नव्हतं.”

“मग आता ठरव!”

घरी बायको शिलाईचं काम करते. तिने मशीन न थांबवता सांगितलं, “मला होकार दिलात तेव्हा काय ठरवून दिला होतात? निभावलंत ना? तसंच लिहा काहीतरी.”

“होकाराचा फॉर्म नव्हता भरायचा,” ड्रायव्हर म्हणाला. “खाली सही करून खोटं कसं लिहू?”

मशीन थांबलं. “बावीस वर्षं गाडी चालवलीत. आता जन्मभर टायरांवर बसणार आहात का?”

प्रकरण हेतू-निश्चिती समितीकडे गेलं. अध्यक्ष पूर्वी खरेदी विभागात होते, त्यामुळे हेतूंचा त्यांना दांडगा अनुभव होता. त्यांनी प्रश्न अत्यंत सोपा करून मांडला. ब्रेक ठरवून दाबला असेल, तर गाडीत माणसं उभी आहेत हे ड्रायव्हरला माहीत होतं. म्हणजे दातही त्याने ठरवूनच तोडला. हा हल्ला झाला. ठरवून दाबला नसेल, तर त्या क्षणी तीस-पस्तीस माणसांची बस कोणीच चालवत नव्हतं. हा त्याहून मोठा गुन्हा.

समितीवरच्या समुपदेशक बाई म्हणाल्या, “दात जाईल हे माहीत असणं वेगळं आणि दात पाडायचाच असणं वेगळं, नाही का?”

समितीला हे पटलं. पण त्यासाठी पत्रकात चौथा रकाना लागला असता आणि तीन रकान्यांची सोळा हजार पत्रकं गोदामात शिल्लक होती.

साक्षीसाठी म्हातारीलाही बोलावलं. रस्त्यात उतरण्यामागे आपला हेतू काय होता, असं तिला विचारलं.

“दूध गॅसवर ठेवून आले होते रे बाबा,” ती म्हणाली. “या पोराला कशाला छळताय? त्याच्यामुळे मी आहे.”

(‘साक्षीदार विषय सोडून बोलली’, अशी नोंद आहे.)

शेवटी समितीने प्रात्यक्षिक घ्यायचं ठरवलं. डेपोच्या आवारात म्हातारीच्या जागी प्लास्टिकची खुर्ची ठेवली. ड्रायव्हरला लेखी सूचना दिली: अडथळा दिसताच प्रथम हेतू निश्चित करावा, तो मोठ्याने उच्चारावा आणि मगच ब्रेक दाबावा. समिती मागच्या सीटवर बसली. बस निघाली. ड्रायव्हर स्पष्ट आवाजात म्हणाला, “समोर अडथळा आहे. तो वाचवण्यासाठी गाडी थांबवण्याचे मी ठरवत आहे.” मग त्याने ब्रेक दाबला. घड्याळात दोन पूर्णांक आठ सेकंद झाले होते. खुर्चीचे तुकडे मागच्या चाकापर्यंत गेले होते.

समितीचा आनंद गगनात मावेना. हेतू शुद्ध, क्रम योग्य, उच्चार स्पष्ट. शिवाय ब्रेक इतक्या सावकाश लागला की अध्यक्षांच्या कपातला चहाही हिंदकळला नाही.

ड्रायव्हर खाली उतरून तुकडे बघत उभा होता. “साहेब, खुर्ची?”

“खुर्ची हा या चौकशीचा विषय नाही.”

“आणि खरंच कोणी समोर आलं तर?”

“तर यापुढे पत्रक भरताना तुम्हाला अडचण येणार नाही,” अध्यक्ष आपुलकीने म्हणाले.

यापुढे मी याच क्रमाने ब्रेक लावीन, असं हमीपत्र त्याच्यापुढे आलं. त्याने ते दोन दिवस खिशात ठेवलं. तिसऱ्या दिवशी बायकोने पेन हातात दिलं. त्याने सही केली आणि त्याला गाडी परत मिळाली.

एवढी एकच गोष्ट मंडळाच्या लक्षात आली नव्हती, की हा माणूस सहीला जागतो. पुढे हेच हमीपत्र सगळ्या चालकांकडून घेतलं; बाकीचे त्यावर सही करून पूर्वीसारखाच ब्रेक मारतात. हा मात्र मारत नाही. पूर्वीची सवय मोडावी म्हणून तो रोज सकाळी रिकाम्या गाडीत सराव करतो, असं त्याची बायको सांगते. सांगताना ती हसत नाही.

तो सध्या कोणत्या मार्गावर आहे, हे मंडळ जाहीर करत नाही. पण मोबाइलमध्ये बघत आपण फुटपाथवरून खाली उतराल, तेव्हा मुळीच घाबरू नका. समोरून येणारी बस त्याचीच असेल, तर तो आपल्याबद्दल सलग दोन पूर्णांक आठ सेकंद मनापासून विचार करील. इतका वेळ आपला विचार करणारं दुसरं कोणी आपल्या घरी तरी आहे का, ते एकदा आठवून बघा.