पाण्यावर चिकटवलेली नोटीस

एका जंगलात, बाळांनो, वाघ होते दोन आणि नियम होते साडेतीन हजार. त्यामुळे वाघांना कोणी फारसं भीत नसे.

त्या जंगलातल्या नदीत रेवाबाई पाणमांजरे एक विद्यालय चालवत. पिल्लांना पोहायला शिकवणारे गुरुजी तिथे तयार होत. गेल्या तीन वर्षांत जंगलातलं एकही पिल्लू बुडालं नव्हतं. रेवाबाईंना याचा फार अभिमान होता. हसू नका, तुम्हालाही झाला असता.

यंदा बावीस विद्यार्थी होते. परीक्षा आठ दिवसांवर आली होती. कासव उताणं पोहताना अजून घाबरत होतं, बाकी तयारी उत्तम होती.

तेवढ्यात टिटवी एक हुकूम घेऊन आली. ‘अखिल अरण्य गुरुजी मान्यता मंडळा’ने विद्यालयाची मान्यता काढून घेतली होती. म्हणजे ना परीक्षा, ना प्रमाणपत्र, ना नवे गुरुजी. कारणं दोन. एक, विद्यालयाला चार भिंती नाहीत. दोन, आग लागल्यास विझवायला पाण्याची बादली नाही.

रेवाबाईंनी हुकूम वाचला. मग नदीकडे पाहिलं. मग पुन्हा हुकूम वाचला.

त्या तडक मंडळाच्या कचेरीत गेल्या. तिथे काटेकर नावाचे साळिंदर लेखनिक होते. ते अंगावरचाच एक काटा उपटून लिहीत, त्यामुळे लिहिताना नेहमी चिडलेले असत.

“अहो, निदान आधी विचारायचं तरी,” रेवाबाई म्हणाल्या.

“विचारलं की! नोटीस काढली होती. पंधरा दिवसांत तुमचा खुलासा नाही.”

“मला नोटीस मिळालीच नाही.”

“कशी मिळाली नाही? रीतसर दारावर चिकटवतो आम्ही.”

“आमच्या विद्यालयाला दारच नाही.”

“म्हणून तर पाण्यावर चिकटवली. हा बघा शेरा.”

शेरा खरोखरच होता. ‘नोटीस पाण्यावर चिकटवली. डिंक चांगला होता.’

रेवाबाईंनी कपाळावर हात मारून घेतला आणि अपील केलं.

अपिलं ऐकायला एक म्हातारी हत्तीण होती. तिचे कान मोठे होते आणि ती ते वापरत असे. त्या जंगलात हे नवलच होतं. तिने मंडळाच्या अध्यक्षांना बोलावलं. अध्यक्ष होते मयूरराव पिसारे नावाचे मोर.

“तुम्ही जागा पाहिलीत?” हत्तिणीने विचारलं.

“नकाशा पाहिला.”

“बाईंचं ऐकलंत?”

“त्या काही बोलल्याच नाहीत.”

“तुम्ही विचारलंत?”

मयूररावांनी पिसारा फुलवला. उत्तर सुचलं नाही की ते पिसारा फुलवत.

“जागेवर जा,” हत्तीण म्हणाली. “बाईंचं म्हणणं ऐका. मग काय ते ठरवा.”

दुसऱ्याच दिवशी मयूरराव आणि काटेकर नदीवर हजर झाले. काटेकरांच्या बगलेत एक हुकूम होता. ‘म्हणणे शांतपणे ऐकून घेऊन मान्यता काढून घेण्यात येत आहे.’ फक्त तारीख घालायची राहिली होती. रेवाबाईंना तो दिसला. त्यांना रडूच कोसळलं, पण ओल्या तोंडावर ते कोणाच्या लक्षात आलं नाही.

“वर्गखोली कुठे आहे?” मयूररावांनी विचारलं.

“हीच, साहेब.”

“ही तर नदी आहे!”

“हो, साहेब. जपून. डोह खोल आहे.”

“पाहणी म्हणजे आत जाऊन पाहणी,” असं म्हणून मयूररावांनी रुबाबात पाऊल पुढे टाकलं. पुढच्या क्षणी पाण्यावर नुसता तुरा दिसत होता. पिसारा भिजून हा एवढा जड झाला होता.

“वाचवा!”

बावीस विद्यार्थी रेवाबाईंकडे बघू लागले. बाईंनी शेपटीने हळूच खूण केली. दोन विद्यार्थी गुपचूप बुडी मारून गेले. मग रेवाबाई काठावर नीट बसल्या.

“साहेब, आम्हाला मान्यता नाही. बिनमान्यतेचं कोणाला वाचवलं तर पुन्हा नोटीस यायची.”

“दिली! मान्यता दिली!”

“अशी तोंडी नको. आधी तुमचं म्हणणं ऐकून घेते. काटेकर, लिहून घ्या. हं, बोला साहेब. सावकाश बोला. मध्ये कोणी बोलणार नाही.”

“बुडबुडबुड,” मयूरराव म्हणाले.

काटेकरांनी काटा उपटला आणि ते इमानदारीत लिहून घेतलं.

“आग लागल्यास पाण्याची सोय आहे का, साहेब?”

“आहे! भरपूर आहे!”

“आणि भिंती?”

“नकोत! भिंती नकोत!”

काटेकरांनी जुना हुकूम फाडला, नवा लिहिला आणि तारीखही घातली. मगच मयूरराव बाहेर आले.

आता घाबरू नका. त्या दोन विद्यार्थ्यांनी साहेबांचे पाय खालून केव्हाच उचलून धरले होते. बुडायची काहीच भीती नव्हती. तशी सूचना रेवाबाईंनी साहेबांना लेखी दिली होती. पाण्यावर चिकटवली होती. डिंकही चांगला होता.

परीक्षा ठरल्या दिवशी झाली. कासव उताणं पोहून पास झालं.

तात्पर्य : कोणाचाही निकाल लावण्याआधी त्याचं म्हणणं ऐकून घ्यावं, असं तुम्हाला वाटलं ना? ते हत्तिणीलाही वाटलं होतं, त्याने काय झालं? तेव्हा बाळांनो, न्याय हवा असेल तर आपलं विद्यालय खोल पाण्यात काढावं. ज्यांचं कोरड्या जमिनीवर आहे, त्यांनी बादली भरून ठेवावी.