सुक्या तळ्याचा राखणदार

एका जंगलात, म्हणजे सातासमुद्रापल्याड धुक्यानं भरलेल्या बेटावरच्या जंगलात, साळोजी नावाचं साळिंदर राहत होतं. नाकं पुसा, बाळांनो, आणि चुळबूळ बंद करा. मी पुन्हा सांगणार नाही.

त्या जंगलाचा राजा होता राजहंस. तो काही करत नसे. मान तेवढी ताठ ठेवत असे. कारभार महासभा करायची. सभेत दोन बाजू समोरासमोर बसायच्या. एक बाजू बोलली की दुसरी "हूऽऽ हूऽऽ" करून ओरडायची. मग दुसरी बोलायची आणि पहिली ओरडायची. तिथं याला कारभार म्हणत. आपल्याकडे नळावर रोज होतो.

साळोजी वीस वर्षं निवडून येत होता. काटे फुलवून उभा राहिला की जनता खूष. त्याला आधी माशांचा मंत्री केलं. हा कंदमुळं खाणारा! मासा कुठल्या तोंडानं पोहतो हे कळेपर्यंत याला वाटांचा मंत्री केलं. वाटा पाठ झाल्या तशी औषधपाल्याची गादी दिली. पाला ओळखू यायला लागला, की लगेच उचलला तिथून. ज्याला काम कळलं तो धोक्याचा, असं तिथले शहाणे मानत.

वीस वर्षांत साळोजीनं एकशे चार समित्या नेमल्या. खड्डा एक खणला नाही. साळिंदराची जात, आणि नखं बघाल तर नव्या नवरीसारखी.

एक दिवस त्याची बायको साळूबाई कडाडली, "अहो, बिळाचं तोंड ढासळलंय. सहा महिने मी आडवी होऊन आत शिरतेय. तुम्ही या घरचे धनी की पाहुणे?"

साळोजीला लाज वाटली. मंत्र्याला लाज वाटली, हे लक्षात ठेवा. पुन्हा असं ऐकायला मिळणार नाही.

तो सभेचे कारकून कोल्हेबुवा यांच्याकडे गेला. म्हणाला, "राजीनामा देतो."

"देता येत नाही," कोल्हेबुवा म्हणाले. "सभेतून कुणालाच जाता येत नाही. जुना नियम आहे."

"मग आजवर जे गेले ते?"

"ते राजाच्या चाकरीत गेले. राजाची चाकरी धरली की सभेतली जागा सुटते. त्यासाठी आम्ही एक पद जपून ठेवलंय. सुक्या तळ्याचा राखणदार. तळ्यात पाणी नाही, म्हणून पदाला काम नाही. इथं पंजा उमटवा आणि घरी जाऊन झोपा."

साळोजीनं पंजा उमटवला. नाचत घरी आला.

साळूबाई म्हणाली, "राखणदार झालात ना? मग तळं कुठं आहे ते तरी बघून या. चार बायकांनी विचारलं तर मी काय तोंड दाखवू?"

गेला बिचारा. बघतो तर तळं कोरडं ठक्क. मधोमध हातभर चिखल, आणि त्यात पाचपन्नास बेडकांची पिल्लं तडफडतायत. कडेला त्यांची आई, डबकाबाई.

"कोण रे तू?"

"मी या तळ्याचा राखणदार."

"अग्गोबाई! खरंच असतो का असा कुणी? माझ्या पणजीनं नुसतं नाव ऐकलं होतं. सव्वीस राखणदार झाले म्हणे, इथं पाऊल टाकलं नाही एकानं. बरं, आलायस तर बोल. हा चिखल परवापर्यंत टिकेल. पुढं काय?"

साळोजीनं घसा खाकरला. "आपण एक समिती नेमू."

"समितीत पोहतील का रे माझी पिल्लं? वर डोंगरात झरा आहे. दरड पडून त्याचं तोंड बुजलंय. तुला नखं दिलीत ती काय कान कोरायला?"

एवढं स्पष्ट साळोजीशी सभेत कुणी बोललं नव्हतं. तो मुकाट वर चढला आणि खणायला लागला. पहिल्या दिवशी दोन नखं तुटली. दुसऱ्या दिवशी साळूबाई भाकरी घेऊन आली, आणि नवरा माती उपसतोय हे बघून तिथंच बसून हसत सुटली. मग पदर खोचून तीही लागली. तिसऱ्या दिवशी, उन्हं चढायच्या आत, धो धो पाणी! चिखलात शेवटच्या घटका मोजणारी पिल्लं शेपट्या हलवत सुटली.

"अगं बाई, पोहतायत!" डबकाबाई ओरडली. "राखणदारा, तुझं भलं होवो!"

तेवढ्यात कोल्हेबुवा धापा टाकत आले. "साळोजी, काय केलंत हे! तळ्यात पाणी आलं म्हणजे पदाला काम आलं. आता हे पद खरं झालं. सभेतले बाराजण राजीनाम्यासाठी रांगेत उभे आहेत, पण काम असलेलं पद घेणार कोण? त्यांना सोडवायचं कसं? पाणी काढून टाका!"

साळोजीनं काटे फुलवले. जन्मात पहिल्यांदा, मतांसाठी नाही. "पिल्लं आहेत त्यात. हात लावून बघा."

कोल्हेबुवांनी काटे बघितले आणि सभेला वर्दी दिली. सभेत तीन दिवस हूऽऽ हूऽऽ झालं. शेवटी दोन्ही बाजूंचं एकमत झालं. तिथल्या इतिहासात पहिलं. ठरलं असं, की कागदावर 'सुकं तळं' लिहिलंय, तेव्हा तळं सुकंच आहे. राजानं स्वतः येऊन तशी ग्वाही द्यावी.

वाजतगाजत राजहंस आला. ऐटीत तळ्यात उतरला. पोहत पोहत मधोमध गेला, मान ताठ केली आणि म्हणाला, "कोरडं आहे!"

"महाराज, आपले पाय भिजतायत," डबकाबाई म्हणाली.

"दव असेल," राजा म्हणाला, आणि पोहत पोहत परत गेला. काठावरच्या महासभेनं टाळ्या वाजवल्या.

साळोजीनं पंजे झटकले आणि दुसरा झरा मोकळा करायला निघाला. त्याला कुणी अडवलं नाही. सुक्या तळ्याच्या राखणदाराला कामच नसतं, मग त्याच्यावर लक्ष कोण ठेवणार?

तात्पर्य: बाळांनो, मोठं पद मिळालं की काही करू नका, बढती मिळेल. कामच करायची खाज असली तर आधी राजीनामा द्या. आणि हातून चांगलं काही झालंच, तर झालं म्हणून सांगत फिरू नका. सरकारी पाहणीत ते कोरडं निघेपर्यंत गप्प बसा, म्हणजे टिकेल.