निंगप्पाच्या दाराची किल्ली

सिद्धरामअण्णा बिराजदार 'व्हय' म्हणाले ते फक्त मेव्हण्याचं नाव ऐकून. नाहीतर रविवारी सकाळी साडेनऊला, दुसरा चहा पोटात आणि पेपरातलं शब्दकोडं मांडीवर असताना या माणसाकडून 'व्हय' काढून घेणं त्यांच्या प्राचार्यांनाही सव्वीस वर्षांत जमलेलं नव्हतं. (अण्णा एका कॉलेजच्या ऑफिसात हेडक्लार्क. 'उद्या या' हे त्यांचं आवडतं वाक्य. शनिवारी दुपारी कुणी आलंच तर 'परवा या'.)

फोन पुण्याहून लेकीचा होता. आरोही तिथं कम्प्युटरवरचे गेम बनवायला शिकते. म्हणजे आपली पोरं जे लपूनछपून खेळतात ते ही फी भरून करते.

"पप्पा, माझा गेम घरच्या लॅपटॉपवर टाकून ठेवलाय. संध्याकाळी सबमिशन हाय. जन्मात कधी गेम न खेळलेली दोन माणसं पायजेत, शेवटपर्यंत खेळणारी. एक झालं, आता तुमी खेळा की."

"मला लई काम हाय आज."

"बरं. सोमलिंगमामांनी मात्र काल संपवला. शेवटचं कोडं तर चार मिनिटांत!"

अण्णांच्या हातातून पेन पडलं. सोमलिंग? मैंदर्गीचा सोमलिंग? ज्या सोमलिंगला स्वतःच्या लग्नात स्वतःचा मांडव सापडला नव्हता, तो? वीस वर्षं हा मेव्हणा पत्त्यात, ऊस खाण्यात आणि सासूबाईंच्या कौतुकात अण्णांच्या एक पाऊल पुढं होता. आता अकलेतही?

"व्हय," अण्णा म्हणाले. "कसं लावायचं सांग."

इतक्यात रुपालीवहिनी हात पुसत बाहेर आल्या. "अहो, आज पाण्याचा दिवस हाय. आता गेलं की पाचव्या दिवशी. उद्या माझ्या माहेरची बारा माणसं गड्ड्याच्या जत्रेला येणार, ध्यानात हाय न्हवं? मी नळापाशी थांबते. पाणी आलं की हाक मारते. तुमी फक्त मोटारीचं बटण दाबायचं. येवढं एकच काम."

"व्हय," अण्णा म्हणाले.

(दहा मिनिटांत दोनदा 'व्हय'. तिथंच त्यांना शंका यायला हवी होती.)

गेम सुरू झाला. पडद्यावर एक घर आलं, घरात एक गृहस्थ. सुटलेलं पोट, नाकावर घसरलेला चष्मा, पट्ट्यापट्ट्यांचा पायजमा. नाव निंगप्पा. कुठल्याही जिवंत व्यक्तीशी साम्य आढळल्यास योगायोग समजावा असं आरोहीनं सुरुवातीलाच लिहिलं होतं. पायजम्याच्या पट्ट्या मात्र अण्णांनी मोजल्या, त्या बरोबर त्यांच्या स्वतःच्या पायजम्याइतक्याच निघाल्या.

खेळ साधा होता. एखाद्या वस्तूवर माऊसनं टिचकी मारायची, निंगप्पा ती उचलून पिशवीत टाकणार. मग पिशवीतली वस्तू योग्य जागी वापरायची. सवय म्हणून अण्णांनी पहिली टिचकी निंगप्पाच्या पोटावरच मारली.

निंगप्पा दचकून वळला आणि थेट अण्णांकडं बघत म्हणाला, "ओ मालक! पोटाला हात लावू नका, गुदगुल्या व्हत्यात. व्हय, तुमालाच बोलतोय. बनियनवाले!"

अण्णांनी खाली बघितलं. खरंच बनियन होतं.

"रुपाली!" ते ओरडले. "ह्याला मी दिसतोय!"

"मग शर्ट घाला," अंगणातून उत्तर आलं.

अण्णांनी शर्ट घातला. वरचं बटणसुद्धा लावलं.

आणि मग काय सांगावं! अर्ध्या तासात या माणसाला नुसतं वारं भरलं. निंगप्पाचा चष्मा कपाटाखाली गेला होता, हात पुरेना. अण्णांनी झाडू वापरून पाहिला, छत्री वापरून पाहिली. मग एकदम डोक्यात उजेड पडला: कडक भाकरी! पापडासारखी पातळ, फळीसारखी ताठ. निंगप्पानं ती कपाटाखाली सरकवली आणि चष्मा अलगद बाहेर आला. अण्णांनी खुर्चीतच उडी मारली. पुढच्या खोलीत सोनाबाई नावाची म्हातारी झोपली होती, निंगप्पानं एक पाऊल टाकलं की ती जागी होऊन काठी उगारायची. सात वेळा काठी खाल्ल्यावर अण्णांनी लॅपटॉपचाच आवाज कमी केला आणि निंगप्पा मांजरासारखा पलीकडं गेला. "शाब्बास मालक!" तो कुजबुजला. प्रमोशनच्या दिवशीही अण्णांना इतका आनंद झाला नव्हता. त्यांनी आवाज पुन्हा पूर्ण मोठा केला.

पण निंगप्पा भारी चावट. मध्येच बेल वाजली. अण्णांनी उठून दार उघडलं. बाहेर फक्त रुपाली, नळाकडं टक लावून बसलेली.

"आलं का पाणी?" अण्णांनी काहीतरी विचारायचं म्हणून विचारलं.

"आल्यावर मी सांगणार हाय न्हवं?"

परत येऊन बघतात तर निंगप्पा पोट धरून लोळतोय. "फसला की मालक!" पाच मिनिटांनी दारावर थापा पडल्या. अण्णा पुन्हा गेले, पुन्हा कुणी नाही, पुन्हा निंगप्पा लोळतोय. यावेळी दार त्यांच्या मागं तसंच उघडं राहिलं. खुर्चीत बसून त्यांनी मांडीवर हात मारून प्रतिज्ञा केली, की आता या खेळातला कुणीही कितीही बोंबलला तरी सिद्धराम बिराजदार उठणार नाही.

आणि शेवटचं कोडं आलं. निंगप्पाची बायको बाहेर अडकली होती, दाराला कुलूप होतं आणि किल्ली हरवली होती. कोपऱ्यात घड्याळ सुरू झालं. बाहेरून आवाज आला, "अहो, दार उघडा की!"

अण्णांचा ऊर भरून आला. तो रुपालीचाच आवाज होता. दिवाळीत आरोहीनं आईला डोक्यावरून जाड सोलापुरी चादर पांघरायला लावून मोबाईलमध्ये तिचं बोलणं भरून घेतलं होतं. (चादरीत बाहेरची खटपट ऐकू येत नाही म्हणे.) त्यामुळं आवाज जरा कोंडल्यासारखा, बंद दाराआडून यावा तसा होता.

नेमक्या त्याच वेळी अंगणात वारं सुटलं, बिराजदारांचं खरं दार धाडकन आपटलं आणि लॅच लागलं. किल्ली आत खिळ्याला. आणखी दोन मिनिटांनी नळ खाकरला, फुरफुरला आणि पाणी आलं.

"अहो! पाणी आलंय! मोटार लावा!"

"वा!" अण्णा पडद्याला म्हणाले. "पोरीनं पाण्याचंबी घातलंय की!"

त्यांनी चित्रात मोटारीचं बटण शोधलं. भिंतीवर स्विचबोर्ड दिसला, टिचकी मारली. निंगप्पा म्हणाला, "मालक, ह्याला शॉक बसतो." फ्रीजवर टिचकी मारली. "बंद हाय." पुन्हा मारली. "अजून बंद हाय."

"अहो! दार लागलंय! किल्ली तितंच हाय, खिळ्याला!"

"हे बघ, आता हिंट द्यायला लागली!" अण्णा आनंदानं किंचाळले. चित्रात तीन खिळे होते. एकाला कॅलेंडर, एकाला पिशवी, एकाला निंगप्पाचा लेंगा. अण्णांनी तिन्हींची झडती घेतली. लेंग्यात काही नव्हतं.

"मालक," निंगप्पा त्यांच्याकडं वळून म्हणाला, "लई हात चालवताय. आता काहीच करू नका की जरा."

पण अण्णा असल्या बोलण्याला फसणार थोडेच? काहीच करू नका म्हणतोय, म्हणजे नक्की काहीतरी करायचं असणार. त्यांनी निंगप्पाच्या दोन्ही हातांवर टिचक्या मारल्या, बोटं मोजली, घड्याळाचे काटे ओढून बघितले, भाकरी चष्म्याला लावली, चष्मा फ्रीजला लावला. ज्या माणसानं ऑफिसात काहीच न करण्यात हयात घालवली, त्याला रविवारी घरी एक मिनिट काहीच न करणं जमेना.

बाहेर रुपालीवहिनींचा आवाज चढत चालला. "अहो, बारा माणसं येणार हायत! सगळं पाणी खाली चाललंय! बहिरं झालाय का? वैरागच्या लग्नात तुमी जावयाची पंगत सोडून चुकून दुसऱ्याच गावच्या वऱ्हाडात जेवून आलता, सांगू का सगळ्या गल्लीला?"

हे ऐकून अण्णा क्षणभर थबकले. हे आरोहीला कसं कळलं? मग त्यांनी मान डोलावली. काय पोरीचा अभ्यास! आणि काय रुपालीचं काम! चिडलेल्या बायकोचा आवाज इतका हुबेहूब काढणं येऱ्यागबाळ्याला जमत नाही.

"वा रुपाली वा!" ते मोठ्यानं म्हणाले. "आणखी जरा जोरात!"

ही फर्माईश शेजारच्या चन्नप्पापर्यंत ऐकू गेली. तो आपली टाकी भरत गच्चीवर उभा होता. "अय्यो वहिनी," तो वरून म्हणाला, "अण्णा आत हाय की. कुणाशी बोलतोय?"

"तेच बघायचंय मला. तुमच्या बाजूच्या खिडकीतनं दिसंल. आणि चन्नप्पा, तो पाइप जरा द्या हिकडं."

खिडकीला अण्णांची पाठ होती. पडद्यावरची बायको आता गप्प झालेली, घड्याळात सदतीस मिनिटं झालेली, आणि अण्णा फ्रीजवर टिचकीमागून टिचकी हाणत होते. इतक्यात मानेवर काहीतरी गार पडलं.

"पाऊसबी टाकलाय!" अण्णा उद्गारले. "काय गेम हाय!"

मग पूर्ण धार आली. चन्नप्पाची मोटार दीड हॉर्सपॉवरची, पाणी जानेवारीतलं. शर्ट चिकटला, चष्मा उडाला, अण्णा खुर्चीसकट एक गिरकी घेऊन खिडकीकडं तोंड करून थांबले. गजाआड रुपाली होती. चादर वगैरे काही पांघरलेली नव्हती.

"तू... तू खरी हायस?"

"दार उघडा," रुपाली म्हणाली. यावेळी ती अजिबात ओरडली नाही आणि त्यामुळंच अण्णा धावत सुटले.

(रुंद पाठीमुळं लॅपटॉपवर थेंबही उडाला नाही. या पाठीचा घराला झालेला हा पहिलाच उपयोग, असं वहिनी अजून पाहुण्यांना सांगतात.)

दार उघडताच रुपाली त्यांना बाजूला सारून बटणाकडं पळाली. मोटार घुर्रकन सुरू झाली. पुढची वीस मिनिटं अण्णांनी जे काम केलं ते ऑफिसच्या कुणी पाहिलं असतं तर ओळखलं नसतं. बादल्या, कळशा, पातेली, कुकर, लोणच्याच्या रिकाम्या बरण्या, सगळं भरलं. चन्नप्पानंही दोन ड्रम दिले. मग नळानं एक उसासा टाकला आणि बंद झाला. टाकी निम्मी भरली होती.

"निम्मी," रुपाली म्हणाली. "बारा माणसं, पाच दिवस, आणि निम्मी टाकी. माझ्या माहेरच्यांना काय तांब्यानं मोजून देऊ का काय?"

अण्णांना खरंच वाईट वाटलं. ओल्या शर्टातून पाणी ठिबकत असताना त्यांनी बायकोची माफीसुद्धा मागितली. (नोंद घ्यावी. असं वारंवार होत नाही.) मग टॉवेल शोधायला ते खोलीत गेले आणि जागच्या जागी खिळले.

पडद्यावर निंगप्पाचं दार सताड उघडं होतं! निंगप्पा आणि त्याची बायको चहा पीत बसले होते आणि वर मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं: 'अभिनंदन! तुम्ही एक मिनिट माऊसला हात लावला नाही. दार असंच उघडतं.'

"सुटलं! रुपाली, सुटलं!" ओले अण्णा नाचत बाहेर आले. त्यांनी तसाच आरोहीला फोन लावला आणि तो स्पीकरवर टाकला, म्हणजे घराला ऐकू जावं.

"पप्पा, आला तुमचा रिझल्ट माझ्याकडं! अडतीस मिनिटं. फ्रीजवर दोनशे सतरा टिचक्या. पप्पा, फ्रीजवर का?"

"ते सोड. नंबर कितवा?"

"दुसरा!"

"दुसरा! बघ, रुपाली!" मग अण्णांना सुचलं. "कितीजण खेळले एकूण?"

"दोघं."

अण्णांनी शर्टाचं ओलं टोक पिळलं. पण माणूस चिवट. "मला येवढंच सांग, सोमलिंगला चार मिनिटांत कसं काय कळलं, हात लावायचा न्हाय म्हणून?"

"कळलं कुठं?" आरोही हसत सुटली. "तीन मिनिटं खेळले आणि खुर्चीतच झोपले. घोरायला लागले आणि दार उघडलं. दीड तासानं जागे झाले, तर जिंकलेले!"

फोन बंद झाला. रुपालीच्या चेहऱ्यावर सकाळपासून पहिल्यांदा हसू आलं. भाऊ झोपेत का होईना पहिला आला, माहेरची अब्रू निम्म्या टाकीतही राहिली म्हणायची. तिनं बादल्यांकडं एक नजर टाकली आणि हिशेब जाहीर केला.

"उद्या पाणी सगळ्यांना बेतानंच मिळंल. पहिली आंघोळ माझ्या भावाची. पहिला नंबर हाय त्याचा."

"आणि माझी?" अण्णांनी विचारलं.

"तुमची झाली की," रुपाली म्हणाली. "खिडकीतनं."