आधी धंदा दाखवा

पुस्तकाच्या दुकानासमोर टेम्पो उभा होता आणि त्यातली खोकी उतरत नव्हती. घटना किरकोळ, पण त्या खोक्यांत दुकानदाराने उभ्या आयुष्यात लिहिलेले एकमेव पुस्तक होते : 'संकोच : एक चिंतन'. एक खोके त्याने स्वतःच उचलले, तोच हमाल संघटनेचा पुढारी आडवा आला. त्याला सगळे दादा म्हणत.

"काका, खाली ठेवा. उचलणं आमचं काम."

"पण पुस्तक मीच लिहिलंय हो."

"लिहा की. लिहिण्याला संघटनेची हरकत नाही."

"मग तुम्हीच उतरवा."

"आता कसं? तुमचा हात लागला. आता निषेध!"

आणि हमाल दारातच फतकल मारून बसले. टेम्पोवाल्याने बजावले, संध्याकाळपर्यंत माल उतरला नाही, तर सरळ रद्दीच्या गोदामात टाकून येईन.

दुकानदार भांडणाच्या वाऱ्यालाही उभा राहत नसे. गिऱ्हाइकाला "काय हवंय?" असे विचारतानाही त्याला आपण आगाऊपणा करतोय असे वाटे. त्याने बायकोला फोन केला.

"तिथे हात चोळत काय उभे राहता? पोलिसांत जा," ती म्हणाली. "आणि ती खोकी घरी आणलीत, तर मी माहेरी जाईन."

फौजदारसाहेबांनी सगळे शांतपणे ऐकले. "व्यवसायांना संरक्षण देणं हे आमचं धोरणच आहे," ते म्हणाले आणि पाहणीला आले. दुकानात स्टुलावर बराच वेळ बसले. कोणी आले नाही.

"एरवी गिऱ्हाईक येतं?"

"येतं ना. पाऊस असला की आडोशाला."

"मग यांनी अडवलं कुणाला? अडथळा सिद्ध व्हायला आधी धंदा लागतो. आधी धंदा दाखवा, मग बंदोबस्त."

दुकानदार दादाच्या कानाशी लागला. "जरा मदत कराल का? म्हणजे, तुमच्याच विरुद्ध आहे, पण…"

दादाला गलबलून आले. "काका, संघटना अन्याय सहन करत नाही. मग तो आम्ही केलेला का असेना."

निम्मे हमाल गिऱ्हाईक झाले, निम्मे दारात राहिले.

"संकोच द्या! संकोच हवा!"

"संकोच मिळणार नाही!"

एवढी मागणी पाहून दुकानदाराचे डोळे पाणावले. ती आपणच घडवून आणली आहे, हे तो क्षणभर विसरला. बंदोबस्त मंजूर झाला.

दुकानाभोवती दोर बांधला गेला. दुकानदार आत निघाला, तेव्हा शिपायाने काठी आडवी धरली.

"मी मालक आहे हो."

"म्हणजे धोका तुम्हालाच ना? मग लांब राहा."

दुसऱ्या शिपायाने खोके उघडून पुस्तकाचे एक पान वाचले, जांभई दिली आणि कळवले, "साहेब, आक्षेपार्ह काही नाही. काहीच नाही."

"ठीक. पण वाद या खोक्यांवरून आहे, म्हणजे हा मुद्देमाल झाला. दुकानात घ्या."

शिपाई एकमेकांकडे पाहू लागले. दादा पुढे झाला. "मुद्देमाल उचलायला आमची हरकत नाही. तो आता काकांचा कुठे राहिला?" सूर्य मावळायच्या आत सगळी खोकी आत गेली.

मग वादच उरला नाही, म्हणून बंदोबस्त उठला. अडवायला कोणी येईना, म्हणून हमालही उठले. दुकानदार पुस्तके मांडून बसला. बसूनच राहिला. अखेर एके दिवशी तो पुन्हा चौकीवर गेला.

"साहेब, अजून अडथळा आहे."

"पुन्हा हमाल?"

"छे, ते भले लोक. हे वाचक आहेत. काय एकजूट आहे हो! एकही फुटून दुकानात येत नाही."

"पुढारी कोण?"

"पुढारी नाही, घोषणा नाही, काही नाही."

फौजदारसाहेबांनी, दुकानदाराने भेट दिलेल्या प्रतीवर ठेवलेला चहाचा कप उचलला. "मग सभासद ओळखायचे कसे?"

दुकानदार ओशाळला. कुणाचे नाव घेणे त्याला बरे वाटेना.

"सोपं आहे," तो हळूच म्हणाला. "आपली ही गोष्ट कुणी वाचताना दिसलं, तर विचारायचं, पुस्तक कुणाकडून मागून आणलंत? आणि परत कधी करताय?"