घरातली एक समघन वस्तू

जगात असा एकही शब्द नाही, ज्याचा अर्थ मला एका ओळीत सांगता येणार नाही, असं मी आमच्या संपादकसाहेबांना तोंडावर सांगितलं. सांगितलं तेव्हा ते चहा पीत होते. त्यांनी कप खाली ठेवला. हे लक्षण काही चांगलं नव्हतं. पण मला शब्द कळतात, लक्षणं कळत नाहीत!

मी शाळेची पुस्तकं काढणाऱ्या एका कचेरीत मुद्रितं तपासते. कॉलेजची पायरी चढलेली नाही. जे काही शिकले ते दुसऱ्यांच्या चुका दुरुस्त करता करता. मूत्रपिंड, ज्वालामुखी, मधमाश्या, सगळं मला ठाऊक आहे. मधमाश्यांचं शेवटचं प्रकरण मात्र दुसऱ्या टेबलावर गेलं होतं, त्यामुळे त्या मध करतात इथवरच मला माहीत. पुढे त्याचं काय होतं, देव जाणे.

तर झालं असं, की शालेय विज्ञानकोशाच्या नोंदी लिहिणारे गुरुजी डोळ्यांच्या शस्त्रक्रियेसाठी रजेवर गेले आणि त्यांची खुर्ची रिकामी पडली. खिडकीजवळची, हात टेकायला जागा असलेली! इतकी वर्षं मी दुसऱ्यांच्या वाक्यांत स्वल्पविराम घालत आले. एकदा तरी वाक्य माझं असावं आणि स्वल्पविराम दुसऱ्या कुणीतरी घालावा, एवढीच माझी इच्छा.

"एक नोंद देतो," साहेब म्हणाले. "जमली तर पुढचं पुस्तक तुमचं. नाही जमली तर तुम्ही आणि तुमचे स्वल्पविराम सुखात राहा. शब्द आहे समघन."

"ज्याची घनता सगळीकडे सारखी असते, असा पदार्थ!" मी श्वाससुद्धा घेतला नाही.

"अर्थ कुणीही पाठ करतं, बाई. शब्द वापरता आला पाहिजे. घरातलं उदाहरण हवं. पोरांनी हातात धरून पाहावं असं. आणि तपासून! मागच्या आवृत्तीत 'लाकूड पाण्यावर तरंगते' असं छापलं, आणि एका शाळेत भर वर्गात ते बुडलं. अजून पत्रं येतायत."

"उद्या आणते," मी म्हणाले. एवढ्याशा कामाला उद्याची तरी काय गरज, असं मला वाटत होतं!

घरी येताना डोक्यात सगळं स्पष्ट होतं. पदार्थ समघन असेल तर त्याचे दोन सारखे तुकडे करायचे; दोन्ही तुकडे सारखेच भरले पाहिजेत. घरात स्वयंपाकाचा वजनकाटा आहे, पट्टी आहे, धारदार सुरी आहे. आणखी काय लागतं विज्ञानाला?

सासूबाई शेजारणीकडे गेल्या होत्या. ह्यांना यायला वेळ होता. हे लिफ्ट दुरुस्त करतात, आणि लोक नेमके ह्यांची घरी यायची वेळ बघून लिफ्टमध्ये अडकतात. मी जेवणाचं टेबल रिकामं केलं आणि साबणापासून सुरुवात केली. पट्टीने मोजून मधोमध कापला. काट्यावर ठेवला. खालचा अर्धा भाग जड! रोज पाण्यात बसून बसून बुडाशी फुगला होता.

मग मेणबत्ती. तिच्या एका अर्ध्यात मेणाऐवजी नुसती हवा निघाली. दुकानदाराचं चांगुलपण त्या पोकळीत दिसलं. मग पाव. एका टोकाला कडक, दुसऱ्या टोकाला भुसभुशीत. मग काकडी, खोबरेल तेलाचा गोठलेला गोळा, ह्यांची उशी. होय, उशीसुद्धा! ह्यांच्या डोक्याखालचा कापूस दगड झाला होता आणि कडेचा ढगासारखा. इतकी वर्षं हा माणूस "मान दुखते" म्हणतोय आणि मी त्याला व्यायाम सांगतेय!

प्रत्येक वस्तूचा एक अर्धा टेबलाच्या डाव्या बाजूला, एक उजव्या बाजूला. नीट रांगेने. शास्त्रात टापटीप लागते.

इतक्यात सासूबाई आल्या. दारातच थांबल्या.

इथे एक गोष्ट सांगायला हवी. आमच्या घरात एक वाटणी होऊन गेली आहे. थोरले दीर वेगळे झाले तेव्हा सगळं इतकं काटेकोर वाटलं गेलं, की बैठकीतला गालिचासुद्धा मधोमध कापला. त्यावर एक पळतं हरीण होतं. हरणाचं मागचं अंग आमच्याकडे आलं, पुढचं भाऊजींकडे गेलं. तेव्हापासून सासूबाईंना कात्रीचा आवाज सहन होत नाही.

पण मी तेव्हा काट्यात डोकं घालून बसले होते.

"हे काय चाललंय, अगं?"

"दोन्ही बाजू सारख्या भरतायत का बघतेय, आई. कणभरसुद्धा इकडेतिकडे चालणार नाही."

"कुणाला चालणार नाही?"

"साहेबांना. फार कडक आहेत. उद्या सकाळी त्यांच्यापुढे सगळं मांडायचंय."

सासूबाई खुर्चीचा आधार घेत बसल्या. "बाळूला माहीत आहे?" बाळू म्हणजे हे. पन्नाशी उलटली तरी घरात बाळूच.

"त्यांना कशाला आत्ता? एकदा हातात पडलं की सांगेन. खूश होतील!"

"खूश होईल?"

"नाही तर काय! किती वर्षं वाट बघतेय मी. हे एकदा झालं की सुटले!"

"आणि घरातलं सगळंच कापणार?"

"जे जे कापता येईल ते," मी म्हणाले, आणि दूध तपासायला स्वयंपाकघरात गेले. पंख्याच्या वाऱ्याने काटा थरथरत होता म्हणून जाताना काटाही घेतला आणि दार लोटून घेतलं. शास्त्रज्ञ जगापासून तुटतात ते असे.

दुधाने तर फारच निराशा केली. वर साय, खाली पाणी. मग साखरेचा पाक केला, तर साखर तळाशी जाऊन बसली. बाहेर बोलण्याचे आवाज येत होते. मला वाटलं, शेजारीण आली असेल. आता कापण्यासारखं फारसं काही उरलं नव्हतं. तेवढ्यात आठवलं: सासूबाईंची उशी! ती रबराची आहे, एकसंध, नवीकोरी. हिच्यात दोष निघणं शक्यच नाही! मी सुरी हातात घेऊनच दार उघडलं आणि आनंदाने ओरडले,

"आई, तुमचीच तेवढी राहिलीय!"

सासूबाई किंचाळल्या.

बाहेर अख्खं कुटुंब बसलं होतं, सासूबाईंनी फोन करून बोलावलेलं! नणंदबाई, ज्या मुख्याध्यापिका आहेत आणि ज्यांच्या नुसत्या चपलांच्या आवाजाने वर्ग गप्प होतात. थोरले दीर, फर्निचरचं दुकान असलेले, शर्टाच्या खिशात मोजपट्टी. आणि दाराशी हे, हाताला ग्रीस, चेहऱ्यावर लिफ्टमध्ये स्वतःच अडकल्यासारखा भाव. मधोमध सासूबाई, मांडीवर त्यांची प्रवासाची पिशवी, दोन्ही हातांनी घट्ट धरलेली.

"सुरी खाली!" नणंदबाई गरजल्या. सुरी माझ्या हातून आपोआप टेबलावर गेली. मी हाताची घडीसुद्धा घातली.

"वहिनी, एवढ्या थराला गोष्टी गेल्या आणि आम्हाला पत्ता नाही? अरे बाळू, तू काय केलंस हिला?"

"मी?" ह्यांनी टेबलाकडे पाहिलं. अर्धा साबण. अर्धा पाव. स्वतःची अर्धी उशी, कापूस बाहेर आलेला. ह्यांच्या तोंडचं पाणी पळालं. "अगं... त्या झाडावरून ना?"

"कुठल्या झाडावरून?"

"तू बहिणीकडे गेली होतीस तेव्हा खिडकीतलं झाड मी मारलं. पाणी घालायला विसरलो. आता आहे ते नवीन आणलंय. तुला कळलं, हो ना? आणि तुझी निळी शालसुद्धा हरवली नाही. ती मी एका लिफ्टखाली अंथरली होती."

मी त्या झाडाशी रोज बोलते! म्हणजे इतके दिवस मी एका परक्याशी बोलत होते!

"हे बघा," भाऊजी समजुतीच्या सुरात म्हणाले, "झालं ते झालं. वाटणीच करायची तर नीट करू. मी मापं घेतो." मोजपट्टी बाहेरसुद्धा आली.

"घ्या रे मापं," सासूबाई हळूच म्हणाल्या. "साबण वाटा, पाव वाटा, काय वाटायचं ते वाटा. मला फक्त सांगा, मला कुठे ठेवणार?"

नणंदबाई आपली पर्स उघडून त्यात काहीतरी शोधू लागल्या. भाऊजींनी खुर्चीच्या पायाचं माप घेतलं. मग तेच माप पुन्हा घेतलं.

"आमच्याकडे जिना आहे ना..." भाऊजी म्हणाले.

"माझ्याकडे परीक्षा आहेत," नणंदबाई पर्सच्या आतूनच बोलल्या.

सासूबाईंनी मान डोलावली. तक्रार नाही, काही नाही. पिशवीचा बंद तेवढा आणखी एकदा आवळला. आणि ते बघून माझ्या डोक्यातला सगळा विज्ञानकोश गळून पडला.

"आई कुठे जाणार?" मी ओरडलेच. "कुणाची वाटणी? कसली वाटणी? मी एका शब्दाचं उदाहरण शोधतेय!"

आणि मग मी सगळं सांगितलं. साहेब, गुरुजींचे डोळे, खुर्ची, बुडालेलं लाकूड.

"समघन," नणंदबाईंनी शब्द तोंडात घोळवला. "म्हणजे सगळीकडे एकसारखं. जसं, आमच्या शाळेतली शिस्त समघन आहे."

"नाही ताई, शिस्तीला घनता नसते."

"तुम्ही आमच्या शाळेत आला नाहीत, वहिनी."

"म्हणजे वाटणी नाहीच?" भाऊजींनी मोजपट्टी खिशात घातली. चेहरा पार पडला होता. "मी म्हटलं, आता ते हरणाचं मागचं अंग तरी मिळेल. पाहुणे विचारतात हो, पाय कुठे गेले म्हणून!"

सगळे जेवूनच गेले. अर्ध्या अर्ध्या काकडीची कोशिंबीर झाली, उरलेला अर्धा पावही संपला. ह्यांनी रात्री उशीचे दोन भाग मानेच्या दोन बाजूंना लावून पाहिले आणि कित्येक वर्षांत पहिल्यांदा मान दुखली नाही म्हणाले. सासूबाई मात्र पिशवी न उघडताच खोलीत घेऊन गेल्या.

दुसऱ्या दिवशी मी साहेबांसमोर रिकाम्या हातांनी उभी राहिले. काय काय कापलं ते सांगितलं. साहेबांनी डोळे मिटून ऐकलं.

"बाई, उकडलेलं अंडं मधोमध कापलं, तर दोन्ही भाग सारखेच भरतील ना?"

"हो."

"मग अंडं समघन झालं?"

माझ्या पायाखालची फरशी सरकली. आत बलक वेगळा, बाहेर पांढरं वेगळं. आणि दोन्ही अर्धे मात्र सारखे! म्हणजे एखादी वस्तू माझ्या परीक्षेत पास झाली असती तरी काही सिद्ध झालं नसतं! मी घर विनाकारण कापलं होतं!

अपमान माणसाला धीट करतो. मी साहेबांच्या टेबलावरचा नवा खोडरबर उचलला, त्यांच्याच कटरने कापला, टपालाच्या काट्यावर ठेवला. सारखे भरले. ते तुकडे आडवे कापले. सारखे. उभे कापले. मधला तुकडा, कडेचा तुकडा, कोपऱ्याचा तुकडा, पट्टी लावून सारख्या मापाचे. काटा जागचा हलेना!

"समघन," मी म्हणाले. "ज्याचा कुठलाही, कितीही छोटा तुकडा घेतला तरी घनता तीच भरते, असा पदार्थ. उदाहरणार्थ, खोडरबर."

साहेबांनी नोंद वाचली. दोनदा वाचली. मग माझ्या वाक्यात त्यांनी एक स्वल्पविराम घातला. माझ्या! वाक्यात! मला रडूच यायचं बाकी होतं.

"त्या खुर्चीत बसा," ते म्हणाले. "आणि उद्या येताना मला एक खोडरबर आणून द्या."

घरी येऊन मी ही बातमी आधी सासूबाईंना सांगितली. त्या पलंगावर बसून शेवटी एकदाची पिशवी रिकामी करत होत्या. चष्म्याचं घर निघालं, दोन साड्या निघाल्या, औषधांचा डबा निघाला. आणि मग, वर्तमानपत्रात गुंडाळलेला अर्धा साबण. अर्धी मेणबत्ती. पावाचं एक टोक.

"हे काय, आई?"

"डाव्या रांगेतलं," त्या माझ्याकडे न बघता म्हणाल्या. "डावीकडे तू बसली होतीस, म्हणजे ते तुझं. पोरांना विचारायचं म्हणून विचारलं मी. पण तू घर सोडून निघणार, तर तुला एकटीला कशी जाऊ देऊ? म्हणून म्हटलं, तुझं सामान आधीच भरून ठेवावं."

शब्दांची एवढी शेखी मिरवणारी मी, त्या अर्ध्या साबणाचा वास घेत नुसती बसून राहिले.

हे दारात उभे राहून ऐकत होते.

"म्हणजे मला एकट्याला टाकून तुम्ही दोघी निघाला होतात?"

"एकटा कसा रे?" सासूबाई म्हणाल्या. "उजवी रांग ठेवली होती की तुझ्यासाठी."