पुंडलिकनाना गिऱ्हाईक होतात

पुंडलिकनाना बाहेर निघाले की घराला कुलूप लावतात, कोपऱ्यावरच्या पानटपरीपर्यंत जातात, तिथून परत येतात आणि स्वतःच्याच घराची बेल वाजवतात. दाराला कान लावून थोडा वेळ उभे राहतात. मग समाधानानं बाजाराला जातात. मी एकदा विचारलं, "नाना, घरात तुम्ही एकटे. बेल कुणासाठी वाजवता?"

"कोणी नाही ना, तेच पाहतो. मागच्या दारानं घुसलेला माणूस बेल ऐकली की गडबडतो, मास्तर. हातातलं भांडं पडतं."

नाना मूळचे धुळ्याकडचे, पण त्यांची सगळी नोकरी जळगावात, एका सराफी पेढीवर गेली. काम एकच, मोडीला आलेलं जुनं सोनं तपासायचं. डाग, म्हणजे दागिना, काळ्या दगडावर घासायचा, ॲसिडचा थेंब टाकायचा आणि रेघेकडे बघता बघता समोरच्याच्या तोंडाकडेही बघायचं. आजेसासूची म्हणून आलेली पाटली दोन दिवाळ्यांपूर्वीची निघायची. इतकी वर्षं रोज हेच पाहिल्यावर माणसाचं व्हायचं ते झालं. नाना निवृत्त झाले, पण प्रश्न निवृत्त झाला नाही. दूधवाला दूध घालतो, नाना विचारतात, "खोट किती?" माझ्या मुलाला बारावीला चांगले मार्क पडले, मी पेढे घेऊन गेलो, तर पेढा उलटा करून बघत नाना म्हणाले, "मार्क छान. खोट किती?" आणि खोट सापडली नाही की ते जास्तच अस्वस्थ होतात. आवाज खाली आणून, अहिराणीत म्हणतात, "यामा काहीतरी शे."

अशा माणसाच्या मुलीनं जपानमध्ये लग्न केलं.

मनीषा इंजिनियर झाली, नोकरीला तिकडे गेली आणि दोन-तीन वर्षांत केंजी नावाच्या मुलाशी लग्न केलं. नानांनी ते लग्न मोबाइलवर पाहिलं. आशीर्वाद दिला आणि मोबाइल बंद करून मला म्हणाले, "पोरगा फार हसतो, मास्तर." त्यावर वर्षभर काही नाही. मग कळलं की केंजीनं कंपनीची नोकरी सोडली आणि तो मनीषाला घेऊन आपल्या गावी, समुद्रकाठच्या एका मासेमारीच्या गावी राहायला गेला. तिथे तो काय करतो? तर बाहेरून आलेल्या पर्यटकांना संध्याकाळी गावात पायी फिरवतो, इथलं खायला घालतो, तिथलं प्यायला घालतो आणि गावच्या गोष्टी सांगतो.

गल्लीत नानांनी सांगितलं, "जावई पर्यटन खात्यात आहे." मला घरात बोलावून, दार लावून सांगितलं, "परक्या लोकांना दारूच्या दुकानातून हिंडवतो. नोकरी कोणी उगाच सोडतो? यामा काहीतरी शे."

मनीषानं बोलावलं तेव्हा नाना लगेच तयार झाले. प्रेमानं नव्हे, तपासणीला. आणि साक्षीदार म्हणून मला घेतलं, कारण गल्लीत पासपोर्ट काढून ठेवलेला आणि कुठेही न गेलेला मी एकटाच होतो. शिवाय मी शाळेत इंग्रजी शिकवायचो. निघताना नानांच्या बॅगेत शेंगदाण्याची चटणी, केळीचे वेफर आणि पापड इतके होते की कपडे माझ्या बॅगेत आले. मटण नाना खातात, तापीचा मासाही खातात. समुद्राचा नाही. "नदी कुठून येते ते आपल्याला माहीत असतं," ते म्हणतात. "एवढ्या मोठ्या पाण्यातला मासा कुठे फिरून आला, कोण सांगेल?"

केंजी स्टेशनवर घ्यायला आला होता. उंच, सडपातळ, आणि खरंच फार हसणारा. कमरेत वाकला तो बराच वेळ वर येईना. नानांनी माझ्या कानात विचारलं, "तोंड कसाले लपवस हाऊ?"

दुसऱ्या दिवशी जेवताना नानांनी अट घातली. "मनी, मला याची ती संध्याकाळची फेरी बघायची आहे. पण सासरा म्हणून नाही. मी गिऱ्हाईक. ओळख सांगायची नाही, वेगळं काही करायचं नाही. गिऱ्हाईकाशी माणूस कसा वागतो, ते मला बघायचंय."

मनीषानं नवऱ्याला सांगितलं. तो हसून "हाय, हाय" म्हणाला. म्हणजे हो, हो. "लगेच कबूल झाला," नाना पुटपुटले. "बघा."

संध्याकाळी आम्ही बंदरावर जमलो. नाना, मी आणि एक ऑस्ट्रेलियन जोडपं. नानांनी डोक्याला मफलर गुंडाळला होता, नाकावर मास्क होता, वर मनीषाच्या आईनं कधीतरी विणलेला स्वेटर. कोणी ओळखू नये म्हणून हा बंदोबस्त. त्या गावात असा दुसरा माणूस शोधून सापडला नसता. केंजी मात्र शब्दाला पक्का. "वेलकम, सर," एवढंच म्हणाला आणि नावा दाखवू लागला. अंधार पडत होता. नावांवर कंदिलाएवढे मोठाले दिवे टांगलेले. हे दिवे लावले की समुद्रातलं माकूळ, म्हणजे स्क्विड, उजेडाकडे येतं, असं त्यानं सांगितलं.

"फसवून बोलावतात," नाना म्हणाले. "दिव्याला भुलवून."

पहिलं दुकान माकूळ भाजणाऱ्याचं. पायरीवरच कोळशाची शेगडी, धूर, सॉसचा गोडसर वास. ऑस्ट्रेलियन बाई टाळ्या पिटत खाऊ लागल्या. दुकानदारानं आम्हा बाकीच्यांना माकूळ दिलं आणि नानांसमोर गुपचूप भाजलेलं मक्याचं कणीस ठेवलं.

नाना कणसाकडे बघत राहिले. "मी मागितलं नव्हतं."

"चांगलंय की. मासा टळला."

"पण याला कोणी सांगितलं?"

कणीस मात्र त्यांनी सोडलं नाही.

दुसऱ्या दुकानात लाकडी पिंपातली लोणची. दुकानदारीणबाई नानांकडे बघून काहीतरी म्हणाल्या आणि तोंडावर हात ठेवून हसल्या. तिसरं दारूचं. सात-आठ माणसं बसली की भरेल एवढंच. कोळी दिवसाचं काम आटपून बाकांवर टेकलेले. त्यातला एक म्हातारा चक्क उठला, नानांपुढे वाकला आणि आपली जागा त्यांना देऊन कोपऱ्यात उभा राहिला.

आता नानांनी माझं मनगट धरलं. "मास्तर, या बठ्ठा माले वळखतस. फितुरी शे."

इथे सगळे नानांना ओळखतात, अशी मलाही शंका यायला लागली होती. सोबतीचा परिणाम. मी केंजीवर नजर ठेवली. तो ऑस्ट्रेलियन जोडप्याला भाताची दारू ओतून देत होता, गोष्ट सांगत होता, आणि मध्येच स्वतःच्या छोट्या पेल्यातून काहीतरी पारदर्शक पीत होता. नानांनीही ते पाहिलं. "हाऊ काय पी ऱ्हायना?"

"दारूच असेल."

"एवढी? इतक्यात चौथ्यांदा भरला."

केंजी जरा वळला, तसा नानांनी हात लांब करून त्याचा पेला उचलला, मास्क खाली केला आणि नाकाशी नेला. इकडून, तिकडून, परत इकडून. पेढीवर डाग तपासावा तसा. मग जिभेवर एक थेंब घेतला. सगळं दुकान बघत होतं. त्या म्हाताऱ्या कोळ्यानं तर टाळीच वाजवली.

"पाणी," नाना माझ्याकडे बघून म्हणाले. चेहरा पडलेला.

केंजी हसला नाही. तो हळूच म्हणाला, "सर, वर्क. आय डोन्ट ड्रिंक." आणि नानांना दुसऱ्या पेल्यात पाणी ओतून दिलं.

रस्त्यानं नाना खाली बघत चालले होते. गल्ल्या अरुंद, दारांवर लाल कंदील, मधूनच समुद्राचा वारा. मला वाटलं, तपासणी संपली. पण शेवटचं दुकान आलं आणि नाना दारातच थबकले. आतून वास येत होता. माशाचा नव्हे, सॉसचा नव्हे. भाजलेल्या वांग्याचा, लसणाचा आणि हिरव्या मिरचीचा.

"मास्तर," नाना म्हणाले, "आपण कुठे आहोत?"

आत पांढऱ्या केसांच्या एक बाई फळीपलीकडे उभ्या होत्या. दुकान त्यांचंच. आणि फळीशी मनीषा बसलेली, ऑफिसातून थेट आलेली, मांडीवर फडक्यात बांधलेला डबा. नाना तिला म्हणणार होते की मी गिऱ्हाईक आहे, मला ओळखू नको. पण बाईंनी त्यांच्यापुढे बशी ठेवली. भरीत होतं. आपलं. कांद्याची पात, तळलेले शेंगदाणे, वरून तेलाची चकाकी. मनीषानं डबा उघडला, आत कळण्याच्या, ज्वारी-उडदाच्या भाकरी.

ऑस्ट्रेलियन जोडप्यालाही एकेक बशी मिळाली. त्यांना वाटलं, ही या गावचीच खासियत.

"हे काय आहे, मनी? मी म्हटलं होतं वेगळं काही करायचं नाही."

"मी नाही केलं, नाना. यानं केलं. गेला आठवडाभर गावातल्या प्रत्येक दुकानात जाऊन सांगून आला, माझे सासरे येणार आहेत, ते समुद्रातलं खात नाहीत. तुम्ही अट घातली तेव्हा सगळं ठरून गेलं होतं. आता नको कसं सांगणार?"

"म्हणजे फितुरीच," नाना मला म्हणाले, पण त्यात जोर नव्हता.

"आणि भरीत या ओकामी-सानना, म्हणजे मालकीणबाईंना, यानंच शिकवलं. त्याला मी शिकवलं. किती वांगी वाया घालवली, विचारा." मनीषा हसली. "तो म्हणाला, नानांना रात्री हेच लागतं ना? रोज फोनवर मी विचारते, जेवलात का, काय केलं होतंत. तुम्ही म्हणता, भरीत-भाकरी. रोज. तो शेजारी बसून ऐकतो. त्याला मराठीतले तेवढेच शब्द येतात. जेवलात का, आणि भरीत-भाकरी."

नानांनी मफलर सोडला. भाकरीचा तुकडा मोडला, भरीत घेतलं, तोंडात घातलं. केंजी मान खाली घालून उभा होता, बाई फळीला हात टेकून बघत होत्या. मी वाट बघत होतो, आता नाना विचारणार, खोट किती.

नाना बराच वेळ चावत राहिले. मग घास गिळून बशीकडेच बघत म्हणाले, "मनी, माले भरीत कराले येस नही."

"म्हणजे?"

"तुनी माय गयी, तवयपासून घरमा वांगं उनं नही. कधी खिचडी टाकतो, कधी मुरमुरे खातो. तू इतक्या लांबून विचारतेस. मुरमुरे काय सांगायचे?"

भिंतीला भिंत लागून आमची घरं. मला हे माहीत नव्हतं. माझ्या बायकोनं कित्येकदा ताट पाठवलं, आणि दर वेळी नानांनी दारातूनच परत केलं होतं. म्हणायचे, आत्ताच जेवलो, भरीत केलं होतं.

मनीषानं तोंड फिरवलं. "रडू नको," नाना दबक्या आवाजात म्हणाले. "लोक बघी ऱ्हायनात." लोक म्हणजे ते ऑस्ट्रेलियन, आणि ते भरीत संपवून आणखी मागत होते.

केंजीनं मनीषाला विचारलं, काय झालं. तिला सांगवेना. त्यानं माझ्याकडे पाहिलं. मी नानांकडे पाहिलं.

"सांगा त्याले," नाना म्हणाले. "बठ्ठं सांगा. लपवू नका."

मी माझ्या शाळेतल्या इंग्रजीत सांगितलं. की हे घरी भरीत करत नाहीत. मुलीला काळजी वाटू नये म्हणून रोज तसं सांगतात. आणि एकटे मुरमुरे खाऊन झोपतात.

केंजीनं सगळं ऐकलं. या वेळी तो वाकला नाही. स्टूल ओढून नानांच्या शेजारी बसला आणि बाईंना खूण केली. त्यांनी त्याच्यापुढेही बशी ठेवली. जेवायच्या काड्या बाजूला सारून त्यानं भाकरी घेतली आणि दोन्ही हातांनी मोडायला लागला. भाकरी वातड झालेली, तुटेना.

नाना तिरक्या डोळ्यानं बघत होते. न राहवून त्यांनी आपला हात पुढे केला. "असं नही. एका हातानं. हा अंगठा इथे दाब, बोटं खाली. हां. आता ओढ."

तुकडा निघाला. वेडावाकडा, पण निघाला. केंजीनं तो भरितात बुडवून खाल्ला आणि मिरचीनं त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. नानांनी त्याच्यापुढे पाणी सरकवलं. मग उरलेल्या भाकरीचे तीन भाग केले, एक त्याच्या बशीत ठेवला, एक मनीषाच्या हातात दिला.

"तूही जेव," ते तिला म्हणाले. "ऑफिसातून उपाशीच आली असशील."